एक दिवस : सोपारे, बावखल आणि वसईचा कोट



पाऊस सरला, भातकापणी आटोपली, की शाळाशाळांतून सहलीची बोलणी सुरू होतात. मुले विचारतात, "गुरुजी, यंदा कुठे?" आणि उत्तर बहुधा एखाद्या बागेचे, नाहीतर तिकीट काढून भिजण्याच्या उद्यानाचे असते. त्यात वावगे काही नाही. मुलांनी खेळावे, हसावे, पाण्यात हातपाय मारावेत. पण आज मी तुम्हाला जी सहल सुचवणार आहे, तिच्यात मौजही आहे, पाणीही आहे आणि दोन हजार वर्षांहून अधिक काळाचा प्रवासही आहे. ही सगळी ठिकाणे पालघर जिल्ह्यातल्या वसई तालुक्यात, रेल्वेच्या पश्चिमेला, एकमेकांपासून थोड्या थोड्या अंतरावर आहेत. सकाळी नालासोपाऱ्याला उतरावे आणि दिवेलागणीला वसईहून परतीची गाडी धरावी, एवढाच पसारा.

गंमत अशी, की सहल कशी असावी हे सांगणारा एक दगडच या भूमीत सापडला आहे. १८८२ साली सोपाऱ्याला सम्राट अशोकाच्या शिलालेखाचा एक फुटका तुकडा मिळाला. लिपी ब्राह्मी, भाषा प्राकृत, आणि काळ इसवी सनापूर्वीचे तिसरे शतक. तुकड्यावर शब्द थोडेच उरले होते. पण हाच मजकूर गिरनार, कालसी अशा ठिकाणी अधिक पूर्ण मिळतो, म्हणून त्याचा अर्थ लागला. हा अशोकाचा आठवा आदेश. त्यात राजा सांगतो, की पूर्वीचे राजे विहारयात्रेला जात. विहारयात्रा म्हणजे काय, तर शिकार आणि तसल्याच करमणुकी. राज्याभिषेकाला दहा वर्षे झाल्यावर राजा बोधिवृक्षाच्या स्थानी गेला आणि तेव्हापासून त्याची धम्मयात्रा सुरू झाली. या यात्रेत तो काय करी? ब्राह्मणांना व श्रमणांना भेटे, त्यांना दान देई. म्हाताऱ्या माणसांची विचारपूस करी. खेड्यापाड्यांतल्या लोकांना भेटे, त्यांच्याशी धर्माविषयी बोले, प्रश्नोत्तरे करी. आणि यात आपल्याला अधिक आनंद वाटतो, असेही तो म्हणतो.

गुरुजी, या दगडातून आपल्याला आपल्या सहलीसाठी तीन प्रश्न मिळतात. आपण काय पाहिले? कोणाला विचारले? आणि काय देऊन आलो? हे तीन प्रश्न मुलांच्या वहीच्या पहिल्या पानावर लिहून घ्या आणि मगच गाडीत बसा.

पहिला मुक्काम सोपारे. आज स्टेशनाबाहेर पडल्यावर जिकडे पाहावे तिकडे इमारतींची दाटी दिसते. इथे एके काळी मोठे बंदर होते असे सांगितले तर मुले हसतील. पण हेच ते शूर्पारक. महाभारतात याचे नाव आहे, बौद्ध जातककथांत आहे. पहिल्या शतकात एका ग्रीक दर्यावर्दी व्यापाऱ्याने लिहिलेल्या सागरप्रवासाच्या पुस्तकात 'सुप्पारा' म्हणून ते येते, आणि दुसऱ्या शतकातला भूगोलकार टॉलेमीही त्याची नोंद करतो. अपरान्त म्हणजे आपले उत्तर कोकण; त्याचे हे मुख्य नगर. गलबते खाडीतून आत येत आणि इथला माल तांबड्या समुद्रापर्यंत जाई. पुढे खाडी गाळाने भरत गेली आणि वैभव ओसरले.

या नगराची खूण म्हणजे 'बुरूड राजाचा कोट' या नावाने लोक ओळखत होते तो उंचवटा. कोट नव्हे, तो विटांचा स्तूप. १८८२ च्या एप्रिलमध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो खणला. हे गृहस्थ मूळचे जुनागडचे, डॉ. भाऊ दाजी लाड यांच्या सहवासात ते तयार झाले आणि जुने लेख वाचण्यात त्यांनी मोठे नाव मिळवले. स्तूपाच्या पोटात त्यांना एक मोठी दगडी पेटी सापडली. ती उघडली, तर आत मधोमध तांब्याचा करंडा आणि त्याच्याभोवती रिंगण धरून बसलेल्या बुद्धाच्या आठ लहान मूर्ती. तांब्याच्या करंड्यात चांदीचा, चांदीच्या आत दगडाचा, त्याच्या आत स्फटिकाचा आणि स्फटिकाच्या आत सोन्याचा. आपल्याकडे डब्यात डबी ठेवतात ना, तसे. बरोबर सोन्याची फुले होती. आणि सगळ्यांत आत, सोन्याच्याही आत, काय असावे? मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे. भगवान बुद्धांच्या भिक्षापात्राचे तुकडे म्हणून श्रद्धेने जपलेले.

मुलांना इथे थोडा वेळ गप्प बसू द्या. सोन्याला झाकण म्हणून वापरून माती जपणारी माणसे इथे राहत होती, ही गोष्ट त्यांच्या मनात आपोआप मुरेल.

आता एक कोडे घाला. पेटीत चांदीचे एक नाणे सापडले, ते सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णीचे, म्हणजे दुसऱ्या शतकाच्या सुमाराचे. पण त्या आठ मूर्ती घडणीवरून आठव्या-नवव्या शतकातल्या दिसतात. मग एकाच पेटीत सहाशे वर्षांचे अंतर कसे? उघड आहे. नंतरच्या काळातल्या लोकांनी जुनी ठेव पुन्हा उघडली, तिच्याभोवती नव्या मूर्ती मांडल्या आणि पुन्हा जपून ठेवली असावी. इतिहासाचा अभ्यास असाच चालतो. वस्तू पाहायची, दोन खुणा जुळवायच्या आणि विचार करायचा. त्या वस्तू आज मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहात आहेत. इथे उरला आहे तो विटांचा उंचवटा. तो नुसता 'पाहिला' तर दोन मिनिटे पुरतात. 'वाचला' तर तास अपुरा पडतो. मुलांनी विटेची लांबी-रुंदी दोरीने मोजावी आणि घरच्या विटेशी ताडून पाहावी. मात्र मोजायचे ते पडल्या जागी. वीट उचलायची नाही, स्तूपावर चढायचे नाही.

दुसरा मुक्काम पाण्याचा. सोपाऱ्याहून निर्मळ, गास, भुईगावच्या बाजूला निघालात, की इमारती विरळ होतात आणि वाड्या लागतात. केळी, नारळ, पानवेली, फुलझाडे. वसईची सुकेळी तुम्ही खाल्ली असतील. ती याच मातीतल्या केळ्यांची. भुईगावचे नाव घेतले की आणखी एक आठवण काढायला हवी. १९५६ साली इथे अशोकाच्या नवव्या आदेशाचा तुकडा सापडला. त्या आदेशात राजा म्हणतो, की आजारपणात, लग्नकार्यात, मूल झाल्यावर, प्रवासाला निघताना लोक नाना विधी करतात. पण त्यांचे फळ थोडे. नोकराचाकरांशी नीट वागणे, वडीलधाऱ्यांचा मान राखणे, प्राणिमात्रांशी संयमाने वागणे, हाच खरा मंगल विधी. आठव्या व नवव्या आदेशांचे तुकडे मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहेत. तिथे पुढे कधी मुलांना अवश्य न्या.

या वाड्यांत शिरलात, की झाडांच्या सावलीत एखादे शांत, हिरवट पाण्याचे तळे दिसेल. विहिरीपेक्षा मोठे, तलावापेक्षा लहान. याला वसईकर 'बावखल' म्हणतात. पूर्वी काठावर रहाट असे. बैल किंवा रेडा फिरे, गाडगी भरून वर येत, पाणी पाटाने वाडीत जाई. याच पाण्यात गुरे धुतली जात, याच पाण्यात पोरे पोहायला शिकत. आज रहाट गेले, त्यांच्या जागी पंप आले. आणि कित्येक ठिकाणी बावखलच गेले, ते मातीखाली.

आता तुम्ही म्हणाल, "एक डबके बुजले तर एवढे काय बिघडले?" ते समजून घ्यायला एक प्रयोग सांगतो. शाळेत करून पाहण्याजोगा आहे. काचेच्या ग्लासात निम्मे पाणी घ्या, त्यात दोन-तीन चमचे मीठ विरघळवा आणि थोडी शाई टाका. आता चमच्याच्या पाठीवरून अगदी हळूहळू साधे पाणी ओता. साधे पाणी वर तरंगत राहते, खारे खाली बसते. का? समुद्राचे पाणी जड असते. एक लिटर गोड्या पाण्याचे वजन १००० ग्रॅम, तर समुद्राच्या एक लिटर पाण्याचे सुमारे १०२५ ग्रॅम. किनाऱ्याच्या रेताड जमिनीतही हाच खेळ चालतो. पावसाचे पाणी मुरते आणि जमिनीखालच्या खाऱ्या पाण्यावर तरंगत राहते. भिंगासारखा, मधे जाड आणि कडेला पातळ, असा गोड्या पाण्याचा थर तयार होतो. बावखल म्हणजे या थरात उघडलेली खिडकी.

आणि त्या पंचवीस ग्रॅमांच्या फरकात मोठी मेख आहे, बरं का. साधारण हिशेब असा, की गोड्या पाण्याची पातळी समुद्रसपाटीच्या वर एक फूट असेल, तर त्याच्या खाली गोडे पाणी सुमारे चाळीस फूट खोल असते. हाच हिशेब उलटा करा. उपसा फार केला आणि वरची पातळी एक फूट उतरली, तर खालचे खारे पाणी सावकाश सावकाश सुमारे चाळीस फूट वर सरकते. वरून दिसते एका फुटाचे नुकसान. खाली घडते ते चाळिसाचे. एक दिवस विहिरीचे पाणी मचूळ लागते, मग खारट लागते, आणि मग केळी करपतात. एकदा शिरलेले खारेपण परतवायला पुष्कळ पावसाळे लागतात.

बावखल पावसाचे पाणी धरून ठेवते आणि जमिनीत मुरवते. ते बुजले, वर फरशी घातली, की दोन्ही बाजूंनी फटका बसतो. पाणी मुरत नाही म्हणून उन्हाळ्यात विहिरी खारावतात. पाण्याला थांबायला जागा नाही म्हणून पावसाळ्यात ते घरात शिरते. जुलै २०१८ मध्ये नालासोपाऱ्याला रुळांवर पाणी साचून गाड्या बंद पडल्या होत्या, हे पुष्कळांना आठवत असेल. त्याला कारणे अनेक, पण पाण्याच्या जुन्या जागा बुजवणे हे त्यांतले एक समजले पाहिजे. नळाचे पाणी सूर्या प्रकल्पासारख्या दूरच्या धरणातून येऊ लागले आणि दारचे पाणी आपण विसरलो. ते विसरू नये म्हणून झटणारी माणसेही इथे झाली. १९८० च्या दशकाच्या अखेरीस हरित वसई संरक्षण समितीची चळवळ उभी राहिली. फादर फ्रान्सिस दिब्रिटो तिच्या अग्रभागी होते. वाड्या आणि पाणी वाचवा, हीच तिची हाक होती.

अशा पाण्यावर एक मोठी संस्कृती उभी राहिल्याचे उदाहरण जगाच्या दुसऱ्या टोकाला आहे. मेक्सिको देशात युकातान नावाचे द्वीपकल्प आहे. तिथे प्राचीन काळी माया लोकांची नगरे होती. आज त्यांचे भग्नावशेष पाहायला जगभरची माणसे जातात. त्या मुलखाच्या मोठ्या भागात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. खडक चुन्याचा, पाऊस त्यात झिरपतो, खडक आतून पोखरतो आणि छत कोसळले की खाली गोड्या पाण्याचा गोल डोह उघडा पडतो. त्याला 'सेनोते' म्हणतात. मूळ शब्द मायांच्या भाषेतला. तिथेही गोडे पाणी वर आणि खारे खाली, अगदी आपल्या ग्लासातल्यासारखे. 'चिचेन इत्सा' या त्यांच्या प्रसिद्ध नगराच्या नावाचा अर्थच 'इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी' असा आहे. आधी पाणी, मग नगर. पाहुणे सकाळी तिथला पायऱ्यांचा मनोरा पाहतात आणि दुपारी जवळच्या एखाद्या सेनोतेत पोहतात. पण त्या मनोऱ्यावर आता कोणाला चढू देत नाहीत. आणि पुष्कळ सेनोतेंमध्ये उतरण्याआधी अंगाचे तेल-मलम धुऊन टाकावे लागते, कारण ते पाणी खाली सगळीकडे एकच आहे.

आपल्या बावखलाचेही पाणी खाली एकच आहे. एकाने त्यात राडारोडा टाकला, तर शेजाऱ्याच्या विहिरीला त्याचा वास लागतो.

आता पोहण्याविषयी. इथे मी थोडा कठोर बोलणार आहे. बावखल हे बहुधा कोणाच्या तरी वाडीतले, खाजगी. धन्याला विचारल्यावाचून काठावरही जायचे नाही. तळाशी चिखल असतो, कड निसरडी असते आणि खोली वरून कळत नाही. म्हणून सहलीत मुलांनी पाण्यात उतरायचे नाही. काठावर बसून पाहायचे, विचारायचे. पोहणे जरूर शिकवा, पण ते गावच्या जाणत्या पोहणाऱ्याच्या हाताखाली, एकेका मुलाला, पाठीला सुका भोपळा किंवा डबा बांधून, कमरेइतक्या पाण्यात. पन्नास मुले आणि दोन शिक्षक असा तो उद्योग नव्हे.

महामार्गाच्या पूर्वेला, तुंगारेश्वरच्या डोंगरात चिंचोटीचा धबधबा आहे. पावसाळ्यात तरुण मंडळी तिकडे धाव घेतात आणि तिथे बुडून माणसे गेल्याच्या बातम्या पुनःपुन्हा येतात. पावसाळ्यात तिथे जाण्यास बंदी घालणारे हुकूमही निघतात. असे का होते? धबधब्याखाली पाण्याबरोबर दगडगोटे गरगर फिरतात आणि कातळात रांजणासारखे खळगे पडतात. गुडघाभर पाण्यातून एक पाऊल पुढे टाकले, की दोन पुरुष खोल. कातळावर शेवाळ, धरायला काही नाही. त्यात डोंगरमाथ्यावर सर आली, तर खाली ऊन असतानाही क्षणात लोंढा येतो. पट्टीचा पोहणाराही तिथे हतबल होतो. म्हणून पावसाळ्यात ते ठिकाण वर्ज्य समजा.

आणि कुठेही कोणी बुडू लागले तर? मागोमाग उडी घेऊ नका. एकाच्या जागी दोघे जातात. ओरडून माणसे गोळा करा. काठी, दोर, धोतर, साडी, जे हाती असेल ते फेका. झाकण लावलेला रिकामा कॅनसुद्धा तरंगतो. बाहेर काढलेल्याला उलटे टांगणे, पोटावर दाबून पाणी काढणे, चाकावर पालथे घालून फिरवणे, या जुन्या रीती घातक आहेत. त्याला सपाट जागी उताणे ठेवा, १०८ किंवा ११२ ला फोन लावा, आणि श्वास चालत नसेल तर तत्काळ तोंडाने श्वास द्यायला सुरुवात करा. मग छातीच्या मध्यावर दोन्ही हातांनी जोराने व भरभर दाब द्यायचे. तीस दाब, दोन श्वास, या क्रमाने मदत येईपर्यंत. हे ऐकून येत नाही, हाताने शिकावे लागते. सहलीच्या आधी प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांना किंवा परिचारिकाबाईंना शाळेत बोलवा आणि तासभर शिकून घ्या.

तिसरा मुक्काम वसईचा कोट. ऊन कलले की इथे यावे. तीन बाजूंना पाणी आणि दलदल, एका बाजूला जमीन. म्हणून एक दर्याकडचा दरवाजा आणि एक जमिनीकडचा. डिसेंबर १५३४ मध्ये गुजरातचा सुलतान बहादूरशाह याने तह करून वसई पोर्तुगिजांना दिली आणि पुढे दोनशे वर्षे त्यांच्या उत्तरेकडच्या मुलखाचे हे मुख्य ठाणे राहिले. तटाच्या आत नुसता किल्ला नव्हता, अख्खे शहर होते. चर्च, मठ, वाडे, रस्ते. आज छपरे नाहीत, पण कमानी उभ्या आहेत. चर्चच्या जमिनीवर पोर्तुगीज अक्षरे कोरलेल्या समाध्या आहेत. त्यांवर पाय न देता, मुलांनी त्यांतले आकडे शोधावेत. अक्षर कळले नाही तरी साल कळते.

१७३९ साली चिमाजी अप्पांच्या फौजेने या कोटाला वेढा घातला. तोफांनी तट पडेना, तेव्हा जमिनीखालून सुरुंग खणत नेले आणि बुरूज उडवले. दोन्ही बाजूंची माणसे फार पडली. मे महिन्यात कोट शरण आला. तहाप्रमाणे पोर्तुगीज शिबंदीला मानाने बाहेर जाऊ दिले. इथल्या चर्चच्या काही घंटा मराठ्यांबरोबर देशावर गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातली मोठी घंटा आणि भीमाशंकरची घंटा त्यांतल्याच म्हणून प्रसिद्ध आहेत. मोहीम फत्ते झाल्यावर अप्पांनी नवस फेडला आणि वज्रेश्वरीचे देऊळ बांधवले, असे सांगतात. ते देऊळ तानसा नदीकाठी, भिवंडी तालुक्यात आहे आणि जवळ अकलोली, गणेशपुरीची गरम पाण्याची कुंडे आहेत. तो वेगळ्या दिवसाचा प्रवास. पुढे १७८० साली इंग्रज सेनापती गॉडर्ड याने वसई घेतली, तहाने ती परत मिळाली. आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी याच वसईत दुसऱ्या बाजीरावाने इंग्रजांशी तह केला. मराठ्यांच्या स्वातंत्र्याची दोरी त्या तहाने इंग्रजांच्या हाती गेली.

इथे शिक्षकांना एक सांगणे आहे. तुमच्या वर्गात वाडवळ, सामवेदी, आगरी, कोळी, भंडारी, ख्रिस्ती, आदिवासी, अशी सगळ्यांची लेकरे शेजारी शेजारी बसतात. कोटाचा इतिहास असा सांगा, की एकाही मुलाला मान खाली घालावी लागू नये. वेढा घालणाऱ्यांचे शौर्य सांगा आणि वसईत जन्मलेल्या गोन्सालो गार्सियाचेही सांगा. १५९७ साली जपानमधल्या नागासाकीला त्याला क्रूसावर मारले आणि १८६२ साली रोमन चर्चने त्याला संतपद दिले. पोर्तुगीज गेले, पेशवाई गेली, इंग्रज गेले. राहिली ती इथली माणसे, त्यांच्या वाड्या आणि त्यांचे पाणी.

सोपाऱ्याचा स्तूप आणि वसईचा कोट या दोन्ही वास्तू केंद्र सरकारच्या पुरातत्त्व खात्याने संरक्षित केलेल्या आहेत. १९५८ च्या कायद्याप्रमाणे त्यांची नासधूस करणे गुन्हा आहे. भिंतीवर नाव कोरणारा हात कोणाचा का असेना, त्याला अडवण्याचा तुम्हाला अधिकार आहे. पण बावखलाला असा कसलाही संरक्षित फलक नाही. ते एका रात्रीत, चार गाड्या मातीने नाहीसे होते. त्याची राखण करायला उरतात ती त्याला ओळखणारी माणसे.

म्हणून परत आल्यावर ते तीन प्रश्न पुन्हा काढा. काय पाहिले, ते मुले सांगतीलच. कोणाला विचारले? वाडीतल्या एखाद्या आजोबांना, आजीला विचारले असेल, की रहाट कधी बंद झाला, पाणी पहिल्यांदा मचूळ कधी लागले, या रस्त्याखाली कोणते बावखल होते. ती उत्तरे पुस्तकात मिळत नाहीत आणि ती माणसे आपल्यात सदाकाळ राहणार नाहीत. त्यांचे बोलणे तारीख घालून वहीत उतरवा. आणि काय देऊन आलो? गावाचा एक नकाशा काढा. त्यावर असलेली तळी निळ्या खडूने भरा, बुजलेल्यांना नुसते वर्तुळ करा. एक प्रत शाळेच्या भिंतीवर लावा, एक ग्रामपंचायतीला किंवा महापालिकेच्या प्रभाग कार्यालयाला द्या आणि पोच घ्या.

तुमचे गाव वसईपासून लांब असेल, तर बावखलाऐवजी बारव असेल, आड असेल, पाझरतलाव असेल. काठावर एखादे पडके देऊळही असेल. सहलीला गाडी मिळाली नाही, तर पहिली सहल तिथेच काढा. चालत जावे, विचारावे, लिहून घ्यावे आणि दरवर्षी वैशाखात त्याच जागी पाण्याची खोली दोरीने मोजून भिंतीवरच्या नकाशाशेजारी आकडा टाकावा. पाच वर्षांचे पाच आकडे झाले, की पुढे काय करायला हवे ते ग्रामसभेत तुम्हाला वेगळे सांगावे लागणार नाही.